राजीनामा खुशाल द्या, पण कार्यभार सोपवूनच जा!



ग्रामसेवकाची बदली झाली तरी तो नुसता उठून जाऊ शकत नाही. दप्तर, शिक्के, रोकडवही, चेकबुक यांची यादी होते, देणारा-घेणारा दोघेही सह्या करतात आणि मगच तो कार्यमुक्त होतो. गावच्या ग्रामसेवकाला जो नियम, तो राज्याच्या विधानसभा अध्यक्षांना का नसावा?

४ फेब्रुवारी २०२१ रोजी नाना पटोले यांनी अध्यक्षपदाचा राजीनामा दिला आणि लगोलग प्रदेश काँग्रेसची धुरा घेतली. नवे अध्यक्ष राहुल नार्वेकर निवडून आले ते थेट ३ जुलै २०२२ रोजी. जवळपास सतरा महिने महाराष्ट्राच्या विधानसभेला अध्यक्षच नव्हते! तेव्हाच्या सत्ताधारी आघाडीने निवडणूक लांबवली, मग निवडीचे नियम बदलले. पुढे राज्यपालांनी तारीख दिली नाही. दोषाचे वाटेकरी अनेक, भुर्दंड मात्र जनतेला.

“उपाध्यक्ष होते की!” असे आम्हाला ऐकवले जाते. जून २०२२ आठवा. उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ यांनी १६ बंडखोर आमदारांना अपात्रतेच्या नोटिसा काढल्या आणि खुद्द झिरवाळ यांनाच हटवण्याची नोटीस आधी दिलेली आहे, असा दावा पुढे आला. निवाडा करणाऱ्याच्याच अधिकारावर वाद! प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. सरकार राहणार की जाणार हे ठरण्याच्या घडीला अध्यक्षांची खुर्ची रिकामी होती.

घटनाकारांना हा धोका ठाऊक होता. विधानसभा विसर्जित झाली तरी नव्या सभागृहाच्या पहिल्या बैठकीच्या लगेच आधीपर्यंत अध्यक्षपद रिक्त होत नाही, असे अनुच्छेद १७९ सांगतो. राजीनाम्याला मात्र हे बंधन नाही. मुख्यमंत्री राजीनामा देतात तेव्हा पर्यायी व्यवस्था होईपर्यंत काळजीवाहू म्हणून थांबतात. केंद्रातही तेच: एप्रिल १९९९ मध्ये वाजपेयी सरकार एका मताने पडले. कारगिलचे युद्ध त्याच काळजीवाहू सरकारने लढले. राजीनामा दिला म्हणून त्या सरकारने कारभार वाऱ्यावर सोडला असता तर?

“नको असलेल्या पदावर कोणाला जबरदस्तीने का बसवावे?” हा आक्षेप आम्ही गांभीर्याने घेतो. पण हे पद कोणी लादलेले नसते, ते स्वखुशीने स्वीकारलेले असते. आम्ही जन्मठेप मागत नाही, महिनाभराची जबाबदारी मागतो.

आमच्या मागण्या:

१. राजीनामा दिलेल्या अध्यक्षांनी उत्तराधिकारी निवडून येईपर्यंत, जास्तीत जास्त ३० दिवस, पदावर राहावे. संसदेने अनुच्छेद १७९ मध्ये तशी दुरुस्ती करावी आणि विधानसभेने तिची शिफारस करणारा ठराव करावा.

२. नवी निवड ३० दिवसांत बंधनकारक करावी. अधिवेशन सुरू नसेल तर विशेष अधिवेशन बोलवावे.

३. कार्यभार सोपवल्याशिवाय पक्षातले वा सरकारातले नवे पद स्वीकारू नये.

४. या काळात फक्त दैनंदिन कामकाज पाहावे; आमदारांच्या अपात्रतेचे निर्णय देऊ नयेत.

५. गंभीर आजार किंवा गंभीर आरोप असल्यास तत्काळ मुक्त करावे. तेवढ्यापुरते उपाध्यक्षांनी काम पाहावे.

मित्रहो, रिकामी खुर्ची कोणत्या पक्षाच्या सोयीची, हे दर वेळी बदलते. आज ज्यांना ती सोयीची वाटते, तेच उद्या तिच्या नावाने बोटे मोडतील. म्हणून हा नियम कोणाच्याही बाजूचा नाही, सभागृहाच्या बाजूचा आहे. आपल्या आमदारांना आणि खासदारांना गाठा, हे पत्रक त्यांच्या हाती द्या आणि या पाच मागण्यांवर “हो” की “नाही”, एवढे जाहीरपणे वदवून घ्या.