वर्गणीदारांच्या बळावर उभी राहिलेली लेखणी

सॉर्टिंग केसपुढे उभ्या राहणाऱ्या प्रत्येक टपाल कामगाराच्या हातांतून सवलतीच्या दराची नियतकालिके जातात. त्यांत जाड, गुळगुळीत मासिके असतात, तशी एखाद्या संघटनेची चार पानी पत्रेही असतात. अशाच एका चार पानी पत्राची आणि ते जवळजवळ एकहाती चालविणाऱ्या राजकीय स्तंभलेखकाची हकिकत आपल्या सभासदांना माहीत असावी, म्हणून हा लेखनप्रपंच. हे पत्र अमेरिकेच्या राजधानीतून, वॉशिंग्टनहून निघत असे. त्याचे नाव ‘आय. एफ. स्टोन्स वीकली’.

स्टोन यांचा जन्म २४ डिसेंबर १९०७ रोजी फिलाडेल्फियात झाला. आईवडील रशियातून आलेले ज्यू निर्वासित. त्यांचे एक साधे दुकान होते. वयाच्या चौदाव्या वर्षी या मुलाने स्वतःचे पत्र काढले आणि पुढे विद्यापीठाचे शिक्षण अर्धवट सोडून तो वृत्तपत्रांत शिरला. ‘न्यूयॉर्क पोस्ट’मध्ये अग्रलेख, ‘द नेशन’मध्ये वॉशिंग्टनचा वृत्तांत, मग ‘पीएम’ या पुरोगामी दैनिकात सदर असा त्यांचा प्रवास झाला. १९४१ साली वॉशिंग्टनच्या नॅशनल प्रेस क्लबने त्यांच्या कृष्णवर्णीय पाहुण्याला, न्यायमूर्ती विल्यम हेस्टी यांना, जेवण नाकारले. स्टोन यांनी क्लबचा राजीनामा दिला.

‘पीएम’ १९४८ मध्ये बंद पडले. त्याच्या जागी आलेली दोन दैनिकेही एकामागून एक मिटली. शेवटचे ‘डेली कंपास’ १९५२ च्या नोव्हेंबरात बंद झाले, तेव्हा स्टोन पंचेचाळिशीला टेकले होते आणि बेकार होते. तो काळ सिनेटर मॅकार्थींचा. डाव्या विचारांचा नुसता संशय आला तरी माणसाची नोकरी जात असे. बड्या पत्रांची दारे स्टोन यांना बंद होती.

तेव्हा त्यांनी बंद पडलेल्या पत्रांच्या वर्गणीदारांच्या याद्या मिळविल्या आणि त्यांना पत्रे धाडली. ५,३०० लोकांनी प्रत्येकी पाच डॉलर वार्षिक वर्गणी पाठविली. त्यांत आइन्स्टाइन आणि बर्ट्रांड रसेलही होते. १७ जानेवारी १९५३ रोजी पहिला अंक निघाला. जाहिरात नाही, मालक नाही, कचेरी म्हणजे राहते घर. वर्गणीदारांची नोंद आणि हिशेब पत्नी एस्थर पाहत.

स्टोन यांना ऐकू कमी येई. पत्रकार परिषदेत मागे बसून मंत्र्यांची वाक्ये टिपणे त्यांना जमण्यासारखे नव्हते. मेजवान्यांची निमंत्रणेही त्यांना येत नसत. म्हणून ते वाचत. काँग्रेसच्या समित्यांपुढील साक्षी, खात्यांचे अहवाल, त्यांची परिशिष्टे, तळटीपा असे सगळे वाचायचे. सरकार खोटे बोलते हे ते गृहीतच धरत. पण ते खोटे सरकारच्याच कागदात कोठेतरी उघडे पडलेले असते, असा त्यांचा अनुभव होता.

याचे एक उदाहरण पाहा. १९ सप्टेंबर १९५७ रोजी नेवाडात अमेरिकेने जमिनीखाली अणुस्फोट केला. दूरदेशीच्या भूकंपमापकांनी तो टिपल्याच्या बारीक बातम्या छापून आल्या, त्या स्टोन यांनी कापून ठेवल्या. पुढे १९५८ मध्ये अणुऊर्जा आयोगाने जाहीर केले की, हा स्फोट दोनशे मैलांपलीकडे कळलाच नाही. म्हणजे अणुचाचणीबंदीचा करार केला तरी तो कोणी मोडला हे ओळखता येणार नाही, असा त्याचा अर्थ. स्टोन यांनी सरकारच्याच भूमापन खात्याकडे चौकशी केली. २,३०० मैलांवरच्या अलास्कापर्यंत तो नोंदला गेला होता! आयोगाला आपले विधान दुरुस्त करावे लागले. त्यासाठी लागले एक जुने कात्रण आणि थोडी पायपीट.

व्हिएतनामच्या बाबतीत तेच. उत्तर व्हिएतनाम शस्त्रे पुरवून युद्ध भडकवीत आहे, असे सांगणारी श्वेतपत्रिका १९६५ च्या फेब्रुवारीत निघाली. स्टोन यांनी तिचे परिशिष्ट काढले. त्यात कम्युनिस्ट देशांतून आलेल्या पकडलेल्या शस्त्रांची बेरीज भरली १७९. सरकारच्याच दुसऱ्या आकड्यांप्रमाणे गनिमांकडून पकडलेली एकूण शस्त्रे हजारोंच्या घरात होती. मोठमोठ्या दैनिकांनी श्वेतपत्रिका पहिल्या पानावर छापली, पण परिशिष्टाची बेरीज केली ती या चार पानी पत्राने.

स्टोन चुकले नाहीत असे नाही. १९३० च्या दशकात सोव्हिएत राजवटीकडे त्यांनी फार उदारपणे पाहिले. कोरियन युद्धाचा दोष प्रामुख्याने दक्षिणेकडे टाकणारे त्यांचे १९५२ चे प्रतिपादन सोव्हिएत दप्तरे खुली झाल्यावर टिकले नाही. १९३० च्या दशकात त्यांचे सोव्हिएत हेरखात्याशी संबंध होते, असा आरोप मृत्यूनंतर झाला. त्यावर अभ्यासकांत आजही वाद आहे. मात्र १९५६ साली रशिया पाहून आल्यावर तेथील दडपशाहीबद्दल त्यांनी स्पष्ट लिहिले आणि त्यापायी वर्गणीदार गमावले. आपल्याच बाजूच्या वाचकाला कटू सत्य सांगण्याची तयारी त्यांच्यात होती, आणि हा गुण आपल्या चळवळीतही दुर्मिळ आहे.

आता टपालाकडे वळू. मॅकार्थीशाहीच्या ऐन भरातही या पत्राची सवलतीच्या टपालदराची परवानगी कोणी काढून घेतली नाही. एक प्रत सेंटच्या आठव्या हिश्श्यात जात असे, असे स्टोन यांनीच नमूद केले आहे. एफबीआय पाळत ठेवून होती, पण अंक घरोघर पोहोचत होते. ते पोहोचविणाऱ्या टपाल कामगारांनी मार्च १९७० मध्ये पगारवाढीसाठी संप केला. कायद्याने बंदी असतानाही सुमारे दोन लाख कामगार उतरले. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी न्यूयॉर्कच्या टपालघरांत सैनिक धाडले, पण त्यांना टपाल वर्गवारी जमेना. १९ सप्टेंबर १९६८ चा संप आणि १९७४ चा रेल्वे संप आठवणाऱ्यांना हे निराळे सांगायला नको.

प्रकृती ढासळल्याने स्टोन यांनी १९७१ अखेर पत्र बंद केले. तेव्हा वर्गणीदार सुमारे ७०,००० होते आणि वर्गणी तीच, पाच डॉलर. निवृत्तीत त्यांनी ग्रीक भाषा शिकून सॉक्रेटिसच्या खटल्यावर ग्रंथ लिहिला. १८ जून १९८९ रोजी त्यांचे निधन झाले.

यातून आपण काय घ्यायचे? आपल्या बाजूने कोणी लिहीत नाही, अशी तक्रार प्रत्येक शाखेच्या सभेत होते. तक्रार खरी आहे. पण बड्या वृत्तपत्राचा मालक आपली बाजू मांडील ही अपेक्षाच चुकीची आहे. आपल्याला लागणारे आकडे बहुतेक सरकारी कागदांतच आहेत. रिक्त पदे संसदेतील उत्तरांत सापडतात, सुरक्षेवरील खर्च महालेखापरीक्षकांच्या अहवालांत. रेल्वेचा स्वतंत्र अर्थसंकल्प २०१७ पासून गेला, म्हणून शोध थोडा किचकट झाला एवढेच. २००५ पासून माहितीचा अधिकारही हाताशी आहे. प्रत्येक शाखेने एका सभासदाला हे कागद वाचण्याचे काम नेमून द्यावे. सभेत त्याला पाच मिनिटे द्यावीत, आणि तो आपलीही चूक दाखवील तेव्हा त्याला खाली बसवू नये.

दुसरी गोष्ट टपालदराची. २०२३ च्या नव्या टपाल कायद्याने दर ठरविण्याचे अधिकार खात्याच्या महासंचालकांकडे दिले आहेत. लहान पत्रांची सवलत आकसली, तर पहिला फटका संघटनांच्या, ग्रामीण भागातल्या आणि एकहाती चालणाऱ्या पत्रांना बसेल. ही सवलत टिकविणे ही टपाल संघटनांची मागणी असायला हवी.

आणि तिसरी गोष्ट साधी आहे. आपल्या पत्राची थकलेली वर्गणी या महिन्यात भरा.