दगडूला जिद्दीचा पुतळा करू नका

दया पवारांचं ‘बलुतं’ वाचून झालं की माणसं हमखास एक वाक्य बोलतात: केवढ्या परिस्थितीतून वर आला हा माणूस! जयंतीच्या भाषणात हेच, शाळेच्या कार्यक्रमात हेच, पुस्तकावरच्या लेखांतही बरेचदा हेच. अकोले तालुक्यातल्या धामणगावच्या महारवाड्यातला पोरगा शिकला, नोकरीला लागला, कवी झाला, ‘पद्मश्री’ झाला. धन्य त्याची जिद्द! १९७८ साली ‘ग्रंथाली’ने हे पुस्तक काढलं तेव्हापासून ही दाद चालत आली आहे. ती मनापासूनची असते, याविषयी मला शंका नाही. पण पुस्तकात जे लिहिलं आहे त्याला ती धरून नाही, आणि पुस्तकातला खरा आरोपी तिच्यामुळे मोकळा सुटतो. म्हणून तिचं खंडन करायला हवं.

तिच्या जोडीला आणखी एक मत आहे. ते अभ्यासकांकडून येतं आणि अधिक सभ्य भाषेत येतं. ही आत्मकथनं म्हणजे समाजाचा दस्तऐवज. मोलाचा खरा, पण कथा-कादंबरी ज्या अर्थाने साहित्य असते त्या अर्थाने हे साहित्य नव्हे. जे भोगलं ते लिहिलं, त्यात रचलं काय? एक मत भाविकाचं, दुसरं परीक्षकाचं. पण दोन्ही मिळून एकच काम करतात. भोगणारा तेवढा पुढे ठेवतात आणि लिहिणारा बाजूला काढतात.

आधी दस्तऐवजाचं पाहू. दस्तऐवजात बोलणारा एकच असतो. ‘बलुतं’मध्ये दोन माणसं आहेत. दगडू मारुती पवार बोलतो आणि दया पवार ऐकतो. दोघं एकच आहेत हे वाचकाला कळतंच, तरीही लेखकाने त्यांना वेगळं काढून समोरासमोर बसवलं आहे. नुसती हकिकत सांगायची असती तर या मांडणीची गरज काय होती? पहिल्या ओळीपासून सरळ ‘मी’ म्हणून सुरुवात करता आली असती. पण हा दुभंग हाच या लेखकाचा विषय आहे. ‘दया पवार’ हे छापील नाव मुंबईच्या साहित्यिक बैठकांत वावरतं. ‘दगडू’ हे नाव धामणगाव, मुंबईतला कावाखाना, गोदीत राबणारा आणि दारूने संपलेला बाप, संगमनेरचे शाळेचे दिवस हे सगळं अंगावर घेऊन उभं असतं. छापील नावाने या दुसऱ्याला विसरता येत नाही आणि मिरवताही येत नाही. आठवणीही सालवार येत नाहीत. मुंबईतून गावाकडे, गावातून पुन्हा मुंबईकडे, एका माणसावरून दुसऱ्या माणसावर अशा त्या सरकत राहतात. कुठली आठवण कुठे ठेवायची, कुठे थांबायचं, कुठलं पात्र दोन वाक्यांत संपवायचं, हे सारे निर्णय लेखकाचे आहेत. यालाच रचना म्हणतात. कल्पित साहित्याकडून आपण जे मागतो ते सगळं इथे आहे. घटना खऱ्या आहेत एवढ्यावरून रचना नाकारता येत नाही.

अमेरिकेत राल्फ एलिसनने १९५२ साली ‘इन्व्हिजिबल मॅन’ ही कादंबरी लिहिली. तिच्या कृष्णवर्णीय नायकाला सबंध पुस्तकात नावच नाही. आपल्या दगडूला दोन नावं आहेत आणि दोन्ही अपुरी पडतात. दोन्ही लेखक एकाच दुखण्याला हात घालत आहेत. समाजाने माणसाकडे माणूस म्हणून पाहायचं नाकारलं की त्याने स्वतःला हाक तरी कोणत्या नावाने मारायची? एलिसनच्या पुस्तकाला कादंबरी म्हणताना कोणी अडखळत नाही. मग पवारांच्या पुस्तकाशी येऊनच ‘हे साहित्य की साधन’ हा प्रश्न का उभा राहतो?

याचं उत्तर मला हॅरिएट जेकब्जच्या पुस्तकाने दिलं. गुलामगिरीतून निसटलेल्या या बाईने १८६१ साली आपलं आयुष्य छापून प्रसिद्ध केलं. पुस्तकात तिने स्वतःला लिंडा ब्रेंट असं नाव दिलं. पुढे जवळपास शंभर वर्षं बऱ्याच अभ्यासकांनी असं गृहीत धरलं की ही कल्पित गोष्ट असणार आणि ती संपादन करणाऱ्या गोऱ्या लिडिया मारिया चाइल्ड यांनीच लिहिली असणार. गुलाम बाई इतकं नीट रचून लिहील कशी? शेवटी १९८० च्या दशकात जीन फॅगन येलिन या अभ्यासिकेने पत्रं आणि कागदपत्रं धुंडाळून सिद्ध केलं की पुस्तक जेकब्जचंच आहे आणि त्यातलं आयुष्यही तिचंच आहे. तिथे खऱ्या हकिकतीला ‘रचलेली’ म्हणून बाईच्या हातून काढून घेतलं. आपल्याकडे रचलेल्या पुस्तकाला ‘नुसती हकिकत’ म्हणून लेखकाच्या हातून काढून घेतात. शब्द उलटे आहेत, नकार तोच आहे. दबलेल्या माणसाने सोसावं, साक्ष द्यावी. कलाकृती घडवणं त्याच्याकडून कोणी अपेक्षित धरत नाही.

आता जिद्दीकडे वळतो, कारण माझं खरं भांडण तिच्याशी आहे.

महाराला गावकीत काय करावं लागे? अंमलदार आला की त्याच्या घोड्यापुढे धावायचं, सारा घेऊन जायचं, मयताची खबर गावोगाव पोचवायची, मेलेली जनावरं ओढायची, रात्री गावाची राखण करायची. त्याबदल्यात खळ्यावरचं बलुतं, घरोघर मागून आणलेली भाकरी आणि हाडकी-हाडवळ्याची थोडी जमीन. कागदावर याला हक्क म्हणत, वतन म्हणत. प्रत्यक्षात ती पिढ्यान्पिढ्यांची वेठ होती, आणि १८७४ च्या वतन कायद्याने तिला सरकारी शिक्का दिला होता. डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात या कायद्यात दुरुस्ती करणारं विधेयक आणलं. कनिष्ठ गावकामगारांची वतनं रद्द करणारा कायदा झाला तो १९५८ साली. मध्ये तीस वर्षं गेली. दगडूचं सगळं बालपण आणि तरुणपणाची सुरुवात त्या तीस वर्षांत बसते. दया पवारांचा जन्म १९३५ चा.

आपण ‘काय जिद्द आहे!’ म्हणतो तेव्हा हे सगळं नजरेआड जातं. उरतो एक मुलगा आणि एक ‘परिस्थिती’. परिस्थिती म्हणजे जणू दुष्काळ, कोणी न आणलेला, कोणाचा दोष नसलेला. ती परिस्थिती ज्यांनी रचली, राखली आणि जिच्यावर पोट भरलं, त्यांना नाव राहत नाही. शिवाय या कौतुकाला मागची बाजू आहे: तो वर आला, मग बाकीचे का आले नाहीत? धामणगावच्या महारवाड्यातली उरलेली पोरं कमी जिद्दीची होती काय? ‘बलुतं’ त्या उरलेल्यांनीच भरलेलं आहे. कावाखान्यातली माणसं, थकलेल्या बायका, दारूत बुडालेले बाप्ये यांच्यासाठी दगडू थांबतो, मागे वळून पाहतो. त्यांना ओलांडून शिखरावर चढलेल्या माणसाची ही गोष्ट नाही.

आणि वर आला म्हणजे कुठे आला? पुस्तकात बोलणारा दगडू पांढरपेशी नोकरी करणारा, लोकांना ठाऊक झालेला कवी आहे. तरी त्याच्या बोलण्यात कुठेही विजय नाही. गाव त्याला आपला मानत नाही, शहर अर्धा मानतं, आणि ज्यांच्यातून तो निघाला त्यांच्याशी त्याचं नातं अवघडून गेलं आहे. जिद्दीच्या गोष्टीला गोड शेवट लागतो. पवारांनी तो दिला नाही. त्यांचा प्रामाणिकपणा त्या नकारात आहे.

सईची पानं आठवून पाहा. पहिल्या बायकोविषयीचा संशय, त्यातून मोडलेला संसार आणि त्यातला स्वतःचा वाटा दगडू सांगतो. जातीने चिरडलेला पुरुष घरात येऊन बायकोला कसा चिरडतो, हे तो स्वतःच्याच उदाहरणाने दाखवतो. पुतळा करायचा असला की ही पानं अडचणीची होतात, म्हणून भाषणांत ती येत नाहीत. सईची बाजू सईच्या तोंडून या पुस्तकात येत नाही, ही त्याची मर्यादा आहेच. बायकांनी आपली बाजू स्वतः सांगितली ती बेबी कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’सारख्या पुस्तकांत. पण पुरुषाने आपला गुन्हा इतक्या उघडपणे सांगावा, असं मराठीत त्याआधी फार घडलेलं नव्हतं.

याच पानांवरून आपल्याच माणसांचा आक्षेपही आला. शिकलेल्याने घरातलं उणं चव्हाट्यावर का मांडावं? दारू, जुगार, बायकांची फरफट लोकांना दाखवून समाजाची अब्रू घालवली. या आक्षेपामागचं दुखणं मला समजतं. ज्यांची अब्रू रोज दुसऱ्यांच्या तोंडी असते त्यांना आपल्यातल्या कोणी बोललेलं सहन होत नाही. तरी आक्षेप मान्य होण्यासारखा नाही. पीडित माणूस निष्कलंक असला तरच न्यायाला पात्र, ही अट कोणी घातली? ती पीडा देणाऱ्याची अट आहे. दगडू ती पाळत नाही. मी असा आहे, माझी माणसं अशी आहेत, आणि तरीही आमच्यावर झालेला अन्याय तसूभर कमी होत नाही, असं तो सांगतो. सोसूनही टिकणं याला म्हणत असतील तर मला ते मान्य आहे. छाती पुढे काढून उभं राहणं त्यात नाही. लपवायचं नाही, एवढा निर्धार आहे.

कोणी विचारेल, इथे अमेरिका कशाला आणता? जात म्हणजे वंश नव्हे. २००१ च्या वंशवादविरोधी दरबान परिषदेत भारत सरकारनेही हीच भूमिका घेतली होती. जातीचं मूळ वंशात नाही, हे आंबेडकरांनी १९१६ पासून सांगितलं, ते बरोबरच आहे. पण त्याच आंबेडकरांनी १९४६ साली अमेरिकेतल्या डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहून कृष्णवर्णीयांच्या संयुक्त राष्ट्रसंघाकडच्या अर्जाची प्रत मागवली. जोतीरावांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकन लोकांना. १९७२ साली मुंबईत पोरांनी संघटना काढली आणि ‘ब्लॅक पँथर’वरून तिचं नाव ‘दलित पँथर’ ठेवलं. हे नातं कोण्या समीक्षकाने बाहेरून आणून चिकटवलेलं नाही. लढणाऱ्यांनी ते ओळखलं.

शिवाय फरक आहे म्हणूनच तुलना उपयोगी पडते. तिथे कातडीचा रंग आधी बोलतो. इथे जात अंगावर दिसत नाही, ती विचारून काढावी लागते: आडनाव काय, गाव कोणतं, गावात घर कुठे? बाबुराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ (१९६३) या कथेत रेल्वेत नोकरीला लागलेला तरुण परक्या मुलखात जात न सांगता राहतो, आणि ती उघडी पडली की मार खातो. नेला लार्सनच्या ‘पासिंग’ (१९२९) या कादंबरीतली उजळ वर्णाची कृष्णवर्णीय बाई गोरी म्हणून जगते, आणि तिचाही जीव त्या लपवण्यात अडकतो. तिथे असं लपणं थोड्यांनाच शक्य होतं. इथे ते कोणालाही शक्य वाटतं, म्हणून प्रत्येक साध्या प्रश्नात धास्ती असते. भाड्याची खोली बघताना मालकाने नाव विचारलं की पोटात गोळा येतो, तो का, हे अहवाल सांगू शकत नाही. कथा सांगू शकते.

हे सगळं जुनं झालं, असंही म्हणतात. दगडूच्या अहिल्यानगर जिल्ह्याची ओळख सांगताना प्रवरेचा साखर कारखाना, ज्ञानेश्वरीचं नेवासे, शिर्डी, राळेगणसिद्धी ही नावं पटकन तोंडावर येतात, आणि ती यावीत. पण त्याच नेवासे तालुक्यात सोनईला जानेवारी २०१३ मध्ये तीन दलित तरुणांचा खून झाला, प्रेमसंबंधाच्या कारणावरून. नाशिकच्या न्यायालयाने २०१८ मध्ये सहा जणांना फाशी सुनावली. जामखेड तालुक्यात खर्ड्याला एप्रिल २०१४ मध्ये शाळकरी वयाच्या दलित मुलाचा खून झाला. साक्षीदार फितूर झाले आणि २०१७ मध्ये सत्र न्यायालयातून आरोपी सुटले. त्या मुलाला जिद्द कमी पडली, असं कोण म्हणेल?

म्हणून अकोले, संगमनेर, नगरच्या शिक्षकांना, वाचनालयांना, तरुण वाचकांना माझी विनंती आहे. ‘बलुतं’ उताऱ्यापुरतं वाचू नका, सबंध वाचा. दगडू आणि दया यांना समोरासमोर का बसवलं यावर वर्गात बोला. सईची पानं गाळू नका. आणि पुस्तक मिटल्यावर आपल्या गावच्या तलाठ्याकडे जाऊन जुने फेरफार काढून पाहा: महार वतनाची, वर्ग ६ ब ची जमीन कुठे होती, आणि आज ती कोणाच्या नावावर आहे.