अठ्ठेचाळीस तासांनंतर काय?

भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव २००४ पासून गोव्यात भरतो. स्वातंत्र्याच्या अमृतमहोत्सवाचे औचित्य साधून २०२१ मध्ये या महोत्सवात पस्तिशीच्या आतील ७५ तरुण कलावंतांना देशभरातून निवडून पाचारण करण्यात आले. २०२४ मध्ये ही संख्या शंभरावर गेली. अवघ्या अठ्ठेचाळीस तासांत लघुपट सिद्ध करण्याचे आव्हान ही मंडळी पेलतात. त्याच वर्षी ‘घरत गणपती’साठी नवज्योत बांदिवडेकर यांना पदार्पणातील सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार लाभला. उपक्रम निःसंशय स्तुत्य आहे. प्रश्न आहे तो पुढचा.

१९१२ साली दादासाहेब फाळके यांच्यापाशी कॅमेरा होता, विद्या होती. भांडवल मात्र नव्हते. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, रोज थोडे थोडे चित्रण करून रोपाची वाढ पडद्यावर दाखवली आणि भांडवलदाराचा विश्वास संपादन केला. सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने काढून दिले. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मागे तो इवलासा लघुपट उभा होता.

आज कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. दुर्मीळ आहे तो लघुपट पाहून पुढच्या चित्रपटासाठी पैसा लावणारा पाठीराखा. चित्रपटगृहांनी मुख्य खेळाआधी दहा मिनिटे या मुलांना द्यावीत, महाविद्यालयांनी त्यांचे लघुपट दाखवावेत, गावोगावच्या उद्योजकांनी एकेका होतकरूचा भार उचलावा. सत्कार सोपा असतो. पाठीशी उभे राहण्यासाठी मात्र पदरमोड करावी लागते. ती करण्याची आपली तयारी आहे काय?