बांडगुळाची बाजू

फराळाच्या ताटाशेजारी बुरशीचा विषय काढतो आहे, गृहिणींनी राग मानू नये. ही बुरशी खाण्याचीच आहे.

मराठीत फुकट्या माणसाला जरा भारदस्त शिवी द्यायची झाली, म्हणजे आपण त्याला बांडगूळ म्हणतो. आंब्याच्या फांदीवर ठाण मांडून त्याचाच रस पिणारे ते झाड वर्गात रूपक समजावताना मला फार उपयोगी पडते. पण उत्तर अमेरिकेच्या जंगलांत रानटी अळंबीवर वाढणारे एक बांडगूळ आहे, आणि त्याला ही शिवी देताना जीभ अडखळते. अळंबी ही बुरशी आणि तिच्यावर बसणारी हीही बुरशीच! लोक हिला लॉब्स्टर मशरूम म्हणतात. लॉब्स्टर म्हणजे आपल्या कोकणातली शेवंड. शिजवलेल्या शेवंडीचा जो केशरी-लाल रंग, तोच हिचा.

यजमान असतो रुसुला किंवा लॅक्टेरियस जातीचा. त्यातली एक अळंबी पांढरी, ठिसूळ, अगदीच बेचव. दुसरी मोडली की पांढरा चीक गळतो आणि चव मिरीसारखी जहाल. दोघींनाही स्वयंपाकघरात फारसा मान नाही. पाहुणी येते आणि यजमानाला सर्वांगी वेढते. टोपीखालच्या ज्या पातळ पट्ट्यांवर अळंबीचे बीजाणू तयार व्हायचे, त्या बुजून नुसत्या वळकट्या उरतात. वर बारीक पुरळाचे केशरी कवच चढते, आणि त्या पुरळातून बीजाणू सुटतात ते पाहुणीचे! आतला गर मात्र पांढराशुभ्र, घट्ट आणि रुचकर होतो. जी अळंबी कोणी उचलली नसती, ती आता बाजारात भाव खाते. मेक्सिकोतही ती विकायला येते. लोकर रंगवणारेही तिच्यापासून गुलाबी-जांभळ्या छटा काढतात.

कॅनडातल्या संशोधकांचा २०१८ साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला. लागण जसजशी वाढते, तसतसा यजमानाचा डीएनए कमी कमी होत जवळजवळ नाहीसाच होतो, असे त्यांना आढळले. म्हणजे आकार यजमानाचा, ऐवज सगळा पाहुणीचा.

हिचे शास्त्रीय वर्णन १८२२ साली लुइस डेव्हिड फॉन श्वाइनित्झ या अमेरिकन पाद्र्याने केले. आजचे नाव हायपोमायसेस लॅक्टिफ्लुओरम. यातला दुसरा शब्द लॅटिनमधल्या षष्ठीच्या अनेकवचनाचा, अर्थ ‘दूध वाहणाऱ्यांची’. हे दूध यजमानाच्या चिकाचे! विभक्तीच्या एका प्रत्ययात का होईना, त्या बिचाऱ्याची आठवण राहिली. व्याकरणाच्या मास्तराला याहून समाधान ते कोणते?

अमेरिकेतल्या भाच्याने यंदा हिचा वाळवलेला एक पुडा आणला. सौभाग्यवतींनी तो उलटसुलट करून पाहिला आणि विचारले, “अहो, ही मुळात कोणती होती, ते आधी सांगा. मग फोडणीला टाकते.”

शास्त्रज्ञाने विचारावा असाच हा प्रश्न! कवच चढल्यावर खालचा यजमान ओळखणे अवघड. म्हणून जाणती माणसे आसपास लागण न झालेल्या पांढऱ्या अळंब्या कोणत्या उगवल्या आहेत, ते आधी बघतात. शिवाय हिचीच एक सख्खी बहीण बोलेटस अळंब्यांवर बसते. ती आधी पांढरी भुकटी पसरते, मग सोनपिवळी होते, आणि यजमानाला खाण्यालायक ठेवत नाही. तेव्हा ‘बुरशी बसली की चीज झाले’ असा समज कोणी करून घेऊ नये.

भाचा म्हणाला, “मामी, दुकानातून घेतली आहे. तिथे सगळे खातात.”

“तिथले खाऊ देत,” ती म्हणाली. पुडा तूर्त चहाच्या डब्यामागे आहे.