नोकरीची परीक्षा आणि न्यायालय

सरकारी नोकरीची परीक्षा न्यायालयाने रद्द केली म्हणजे घरोघरी एकच प्रश्न निघतो : लबाडी थोड्यांनी केली, मग शिक्षा सर्वांना का? प्रश्न रास्त आहे. म्हणून त्याचा शांतपणे विचार करू या.

पश्चिम बंगालमध्ये शाळांतील शिक्षक व इतर कर्मचारी यांच्या २०१६ सालच्या निवडीतून २५,७५३ नेमणुका झाल्या. पुढे उघडकीस आले की, कोऱ्या उत्तरपत्रिकांना गुण मिळाले होते, खालच्या क्रमांकाचे उमेदवार वर चढले होते आणि यादीत नाव नसलेलेही कामावर रुजू झाले होते. कलकत्ता उच्च न्यायालयाने २२ एप्रिल २०२४ रोजी या नेमणुका रद्द ठरविल्या. सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२५ रोजी तो निर्णय मुख्यतः कायम केला.

याचे कारण ध्यानात घेण्यासारखे आहे. मूळ उत्तरपत्रिका नष्ट केल्या होत्या व त्यांच्या विश्वासार्ह प्रतीही आयोगापाशी नव्हत्या. पुरावाच नाहीसा झाल्यावर दाणे व कोंडा वेगळा करावा कसा? तरीही न्यायालयाने भेद केलाच. दोषी ठरलेल्यांनी पगार परत करावयाचा होता. ज्यांच्यावर ठपका नव्हता त्यांच्याकडून पगार मागितला नाही, आणि त्यांच्यातील शिक्षकांना पुढे ३१ डिसेंबर २०२५ पर्यंत शिकविण्याची मुभा मिळाली. पण त्यांची नोकरी गेली ती गेलीच.

बेळगाव भागातील कुटुंबांना कर्नाटकातील उदाहरण अधिक जवळचे. फौजदारांच्या ५४५ जागांसाठी ऑक्टोबर २०२१ मध्ये परीक्षा झाली. गैरप्रकारांमुळे एप्रिल २०२२ मध्ये ती निवड रद्द झाली. फेरपरीक्षा स्वतंत्र संस्थेने घ्यावी, असे उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२३ मध्ये सांगितले व ती जानेवारी २०२४ मध्ये झाली. रात्र-रात्र जागून अभ्यास केलेल्यांनाही पुन्हा परीक्षेस बसावे लागले.

पालकहो, जमीन गहाण टाकून दलालाच्या हाती दिलेले पैसे केवळ आपल्या मुलाची जागा विकत घेत नाहीत. शेजारच्या कष्टाळू मुलीची जागाही ते धोक्यात आणतात. मुलांना सांगावे : उत्तरपत्रिकेची प्रत मिळत असेल तर ती जपून ठेवा, उत्तरसूचीवरील हरकत मुदतीत नोंदवा, आणि कोणी जागेचा भाव सांगू लागला तर त्यास उंबऱ्याबाहेरूनच परत पाठवा. न्यायालय निवड रद्द करू शकते. परंतु गेलेली वर्षे परत देणे त्याच्याही हाती नाही.