कौतुक झालं, हिशेब राहिला

गेल्या दिवाळीनंतरची गोष्ट. माझ्या सात वर्षांच्या नातीला एका जाहिरातीत काम करण्याबद्दल विचारणा झाली. शाळेच्या स्नेहसंमेलनातला तिचा नाच कुणीतरी मोबाईलवर टिपला होता, तो फिरत फिरत जाहिरातवाल्यांपर्यंत पोचला. घरात आनंदीआनंद. लेकीचा फोन आला तेव्हा मी कौतुकाचे दोन शब्द बोलले आणि लगेच विचारलं, "शूटिंग किती तास? उशीर झाला तर तिच्याजवळ कोण थांबणार? आणि पैसे कुणाच्या नावावर जमा होणार?"

पलीकडे शांतता. मग लेक म्हणाली, "आई, तुला प्रत्येक गोष्टीत अन्यायच कसा गं दिसतो? मी तिची आई आहे. माझ्यावरही विश्वास नाही का तुझा?"

विश्वास होता. पण त्या क्षणी माझ्या डोळ्यांसमोर होती डेझी इराणी. माझ्या लेकीने ते नावही ऐकलेलं नव्हतं. तिच्या पिढीच्या बऱ्याचजणींनी ऐकलेलं नसेल, म्हणून हे लिहायला बसले.

मी दुसरीत असेन. आमच्या गावच्या टॉकीजमध्ये आईबरोबर ‘एक ही रास्ता’ पाहिला होता. १९५६ सालचा बी. आर. चोप्रांचा चित्रपट. विषय विधवेच्या पुनर्विवाहाचा. मीनाकुमारी विधवा होते, अशोककुमारशी लग्न करते आणि तिच्या लहान मुलाला हा नवा बाप काही केल्या पचत नाही. तो मुलगा इतकं गोड काम करतो, की आख्खं थिएटर त्याच्याबरोबर हसत होतं आणि रडत होतं. आम्ही तिघी बहिणी, मी शेंडेफळ. आई पदराने डोळे पुसत म्हणाली, "असा एक तरी दिला असता देवानं." शेजारी बसलेल्या काकू म्हणाल्या, "अहो, तो मुलगा नाहीच मुळी. मुलगी आहे ती. डेझी इराणी."

आई घटकाभर काही बोलली नाही. मग म्हणाली, "मुलगी? मग मुलगा कशाला केलाय तिला?"

पुढे चळवळीत आल्यावर आईचा तो प्रश्न मला अनेकदा आठवला. आपल्या चित्रपटांच्या गोष्टींत घराचा जीव मुलामध्ये असायचा. बापाचं नाव चालवणार तो, आईचे अश्रू पुसणार तो. पण काम करायला चटपटीत मूल म्हणून मिळाली ती मुलगी. तेव्हा तिला शर्ट-चड्डी घातली आणि मुलगा म्हणून उभं केलं. ‘बंदिश’ (१९५५), ‘एक ही रास्ता’, ‘नया दौर’ (१९५७) या चित्रपटांनी तिला घराघरांत पोचवलं. तिच्या वाट्याला आलेल्या भूमिका बहुतेक मुलांच्याच. मुलीचे श्रम हवेत, मुलगी मात्र नको. हे गणित आपल्याला घराघरांतून चांगलं ओळखीचं आहे.

डेझी माझ्याच वयाची. मी पाटी-दप्तर घेऊन शाळेत जात होते, तेव्हा ती कामावर जात होती. हे ‘कामावर जाणं’ आहे असं तेव्हा कुणी म्हणत नव्हतं. म्हणायचे, काय गुणी मूल आहे!

मार्च २०१८ मध्ये, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी, डेझी इराणी यांनी वर्तमानपत्रातल्या मुलाखतीत स्वतःची हकीकत सांगितली. ‘हम पंछी एक डाल के’ या चित्रपटाच्या शूटिंगसाठी त्यांना मद्रासला नेलं होतं. वय सहा. देखभालीसाठी जो पुरुष बरोबर पाठवला होता, त्यानेच हॉटेलच्या खोलीत रात्री त्यांच्यावर बलात्कार केला. पट्ट्याने मारलं. कुणाला सांगितलंस तर जीव घेईन अशी धमकी दिली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती सहा वर्षांची मुलगी काहीच घडलं नसल्यासारखी सेटवर हजर झाली आणि काम करू लागली. आईने आपल्याला स्टार करायचा ध्यास घेतला होता, हेही त्यांनी सांगितलं. त्या पंधरा वर्षांच्या असताना आईने साडी नेसवून, शरीर भरलेलं दिसावं म्हणून स्पंज लावून, एका निर्मात्याच्या ऑफिसात त्यांना एकटीला सोडलं होतं. त्याने अंगचटीला येण्याचा प्रयत्न केला, तेव्हा त्यांनी तो स्पंज काढून त्याच्याच अंगावर फेकला.

हे सगळं आता का सांगितलं? आजही कितीतरी मुलं या धंद्यात येताहेत, त्यांच्या पालकांनी सावध व्हावं म्हणून. अमेरिकेत चित्रपटसृष्टीतल्या बायका ऑक्टोबर २०१७ पासून बोलू लागल्या होत्या. आपल्याकडची मोठी लाट आली ती ऑक्टोबर २०१८ मध्ये. डेझी इराणी त्याआधी सहा महिने बोलल्या. साठ वर्षं एकटीने वाहिलेलं ओझं त्यांनी लोकांसमोर ठेवलं. त्या लाटेच्या वेळी मात्र त्यांचं नाव मी फारसं ऐकलं नाही.

त्या मुलाखतीवर आमच्या बैठकीत चर्चा झाली. पहिलाच प्रश्न आला, "पण आई काय करत होती?" आम्ही सगळ्या चळवळीतल्या, तरी पहिला प्रश्न आईबद्दल! गुन्हा करणारा पुरुष बाजूलाच राहिला. सहा वर्षांच्या मुलीला परक्या शहरात नेणाऱ्यांनी तिच्या झोपण्याची व्यवस्था काय केली होती, हेही कुणी विचारलं नाही. त्या आईला मी दोषमुक्त करायला निघालेली नाही. तिची जबाबदारी होतीच. पण सगळा दोष आईच्या पदरात टाकला की बाकीच्यांची सुटका होते. निर्माता सुटतो, स्टुडिओ सुटतो, सरकार सुटतं, आणि तिकीट काढून टाळ्या वाजवणारे आपणही सुटतो.

आणखी एक गोष्ट या लेखाच्या निमित्ताने माझ्या लक्षात आली. ‘बंदिश’मध्ये आणि ‘एक ही रास्ता’मध्ये डेझीबरोबर काम करणारी मीनाकुमारी स्वतः कोण होती? १९३९ च्या ‘लेदरफेस’मध्ये पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली सहा वर्षांची महजबीन. घर चालवण्यासाठी लहानपणीच कामाला जुंपलेली ‘बेबी मीना’. पुढे १९५९ साली ‘चिराग कहाँ रोशनी कहाँ’ या चित्रपटात याच मीनाकुमारीबरोबर डेझीची धाकटी बहीण हनी इराणी झळकली, तीही मुलगा बनून. म्हणजे पडद्यावर आई-मुलाचं प्रेम बघून आपण डोळे पुसत होतो, तेव्हा प्रत्यक्षात एक मोठी झालेली बालमजूर दुसऱ्या लहान बालमजुराला कुशीत घेत होती.

ही रांग लांब आहे. ‘बूट पॉलिश’मधल्या (१९५४) बेबी नाझच्या कामाची १९५५ साली कान महोत्सवात खास दखल घेतली गेली. मोठेपणी तिच्या वाट्याला दुय्यम भूमिका आल्या. ‘सत्यकाम’मधला (१९६९) छोटा मुलगा म्हणजे बेबी सारिका, पुन्हा मुलगीच. हनी इराणी पुढे पटकथालेखिका झाल्या, ‘लम्हे’सारखा चित्रपट लिहिला, हे आनंदाचं. डेझी इराणींनी १९७१ मध्ये लेखक के. के. शुक्ला यांच्याशी लग्न केलं, संसार केला, मुलं वाढवली. चरित्र भूमिका केल्या. २०१२ च्या ‘शिरीन फरहाद की तो निकल पडी’मध्ये त्या नायकाच्या आईच्या भूमिकेत दिसल्या. त्यांना ‘बिचारी’ म्हणण्याचा अधिकार आपल्याला नाही. त्या स्वतःच्या हिमतीवर उभ्या राहिल्या. पण बालपण गेलं ते गेलं. त्याची नुकसानभरपाई कुणी दिली नाही, आणि कुणी मागितलीही नाही.

हा प्रश्न फक्त आपल्या देशातला नाही. अमेरिकेत चार्ली चॅप्लिनच्या ‘द किड’मध्ये (१९२१) काम करणारा जॅकी कूगन लहानपणीच लक्षावधी डॉलर मिळवत होता. सज्ञान झाल्यावर त्याने पैसे मागितले, तर आई आणि सावत्र बापाने ते उडवलेले. १९३८ मध्ये त्याने कोर्टात दावा केला. हाती लागले जेमतेम सव्वा लाख डॉलर. त्यावरून गदारोळ झाला आणि १९३९ साली कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईसाठी कायदा झाला. मुलाची कमाई त्या मुलाचीच, हे स्पष्ट शब्दांत लिहायला मात्र त्या कायद्यालाही २००० साल उजाडलं.

आणि आपल्याकडे? १९८६ चा बालमजुरी कायदा २०१६ मध्ये बदलला. चौदा वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवायला पूर्ण बंदी आली, पण दोन पळवाटा ठेवून. एक, शाळा सांभाळून घरच्या उद्योगात मदत करायला परवानगी. दोन, चित्रपट, मालिका, जाहिराती यांत कलाकार म्हणून काम करायला परवानगी. सर्कस मात्र या सवलतीतून वगळली. रस्त्यावर दोरीवर चालणारी डोंबाऱ्याची पोर दिसली की आपण हळहळतो, ‘बालमजुरी’ म्हणतो. तीच कसरत झगमगत्या दिव्यांत दिसली की ती ‘टॅलेंट’ होते.

२०१७ च्या नियमांनी काही अटी घातल्या, त्या प्रत्येकीने वाचाव्यात. मुलाकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त काम घ्यायचं नाही. निर्मात्याने आधी जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची. शाळेत खंड पडू द्यायचा नाही, सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम घ्यायचं नाही. दर पाच मुलांमागे निदान एक जबाबदार माणूस नेमायचा. मुलाच्या इच्छेविरुद्ध काम करवून घ्यायचं नाही. आणि कमाईतला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकायचा, तो सज्ञान झाल्यावर मुलाला मिळणार.

अटी चांगल्या आहेत. पण मैत्रिणींनो, हिशेब नीट बघा. शंभर रुपये त्या मुलाने मिळवले. वीस त्याचे ठरले. उरलेले ऐंशी कुणाचे? ते घरच्यांनी मुलासाठीच खर्चावेत, असं आपण गृहीत धरतो. आणि या दोन्ही पळवाटा उभ्या आहेत त्याही एकाच गृहीतकावर: घर म्हणजे सुरक्षित जागा, घरचे करतील ते मुलाच्या भल्याचंच. हे गृहीतक किती पोकळ आहे, हे आपल्या सल्ला केंद्रात एक दिवस बसलं तरी कळतं. धाकट्या भावंडाला काखेला घेऊन भाकऱ्या थापणारी नऊ वर्षांची पोर कायद्याच्या लेखी ‘मदत’ करते. कॅमेऱ्यासमोर पाच तास हसणारी पोर ‘कला’ दाखवते. मजुरी कुणीच करत नाही! बायकांच्या कामाला काम न म्हणण्याची जी जुनी रीत, तीच इथे मुलांना लावली आहे. आणि डेझीच्या बाबतीत घात केला तो कुणा अनोळखी माणसाने नाही. राखणदार म्हणून पाठवलेल्या माणसानेच केला.

आता तर स्टुडिओचीही गरज उरलेली नाही. नऊवारी नेसवून, डोळे मोडायला शिकवून लहान मुलींच्या लावणीचे व्हिडिओ घरातच तयार होतात. बघणारे लाखो. निर्माते आईवडीलच. तेव्हा जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे परवानगी मागायला कोण जाणार आणि मुदत ठेव कोण उघडणार?

मुलांनी नाचू नये, गाऊ नये, नाटकात काम करू नये, असं माझं म्हणणं मुळीच नाही. माझी नात नाचते तेव्हा मला काय वाटतं ते मी शब्दांत सांगू शकणार नाही. माझं म्हणणं एवढंच, की ज्या क्षणी तिच्या नाचावर दुसऱ्या कुणाचा धंदा सुरू होतो, त्या क्षणी ती कामगार झाली. मग कामगाराचे सगळे हक्क तिला हवेत: कामाचे तास, पूर्ण मजुरी, सुरक्षितता आणि ‘नाही’ म्हणण्याचा हक्क. वीस टक्के नव्हे, खर्च वजा जाता सगळी कमाई तिची, अशी मागणी आपण केली पाहिजे. आणि बालकलाकारांच्या सेटवर जबाबदार माणूस नेमायचा तो निर्मात्याचा पगारी नोकर नको, बाहेरचा हवा. डेझी इराणींच्या हकीकतीतून मी एवढं शिकले.

तर माझ्या नातीचं काय झालं? लेक दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी तिचाच फोन आला. तिने जाहिरातवाल्यांच्या माणसाला परवानगीचा कागद आणि मुदत ठेवीबद्दल विचारलं होतं. तो म्हणाला, "मॅडम, इतक्या वर्षांत हे आम्हाला कुणी विचारलं नाही." नंतर त्यांच्याकडून काही निरोप आला नाही. दुसरी मुलगी मिळाली असणार. तिच्या आईने काही विचारलं असेल का, हा विचार अजून माझी पाठ सोडत नाही.

त्या सगळ्या धावपळीत नातीला मात्र कुणीच काही विचारलं नव्हतं. मीसुद्धा नाही. शेवटी विचारलं, तर ती म्हणाली, "मला नाचायचं होतं. पण त्या दिवशी आमची सहल होती."