हळदीचा बेत कोण ठरवतंय?

लग्नसराई तोंडावर आलीय. ज्यांच्या घरी यंदा कार्य आहे त्यांच्यासाठी हे चार शब्द. बाकीच्यांनीही वाचायला हरकत नाही, पुढच्या वर्षी त्यांच्याकडेही निघेलच कुणाचं तरी.

हळदीला झाडून सगळ्यांनी पिवळेच कपडे घालायचे, नवरीने गॉगल लावून फुलांच्या चादरीखालून नाचत यायचं, हे आपल्याकडे आलं कुठून? मुलीला विचारा. ती म्हणेल, "मला पहिल्यापासून असंच हवं होतं." खोटं नाही बोलत ती. पण लग्न ठरल्यावर तिने अशी एक रील शेवटपर्यंत पाहिली, दुसरी मैत्रिणीला पाठवली. इन्स्टाग्रामला तेवढं पुरतं. तुम्ही कुठे थांबलात, काय पुन्हा पाहिलंत, काय पुढे धाडलंत, यावरून पुढचं ताट वाढलं जातं. महिनाभर तेच समोर आलं की ती आपलीच आवड वाटू लागते.

सिनेमानेही हे केलंच. १९९४ साली 'हम आपके हैं कौन' आला आणि कानपिळीच्या मांडवात बूटचोरीला आणखी जोर चढला. पण तो सिनेमा सगळ्या गावाला एकच दिसायचा आणि संपला की लोक घरी जायचे. फोन तुमच्याकडे बघून पुढचं दाखवतो, आणि संपत नाही.

नाचाबद्दल माझं काही म्हणणं नाही; वरातीत आपण कधी कमी नाचलो? खटकतं ते वेगळंच. घाणा भरायला बायका मुसळ धरून उभ्या असतात, आजी ओवी सुरू करते, तेवढ्यात फोटोग्राफर म्हणतो, "आजी, जरा मागे सरका, फ्रेममध्ये येताय. गाणं राहू द्या, आपण वरून म्युझिक टाकू." आजी सरकते. ओवी अर्धीच राहते.

म्हणून सांगतो, बेत ठरवायला बसाल तेव्हा फोन बाजूला ठेवा आणि आत्या-मावशीला विचारा, आपल्यात हळदीला काय काय असतं. पटेल तेवढंच घ्या. जुनं सगळं सोनं नव्हतं; मानपानाचे रुसवेफुगवे खुशाल सोडा, विधवा काकूला हळदीपासून लांब ठेवणं तर आधी सोडा. मग रीलमधलं आवडेल ते जोडा. कर्ज मात्र काढू नका. त्या झगमगाटाचे पैसे कुणी भरले ते रीलमध्ये दिसत नाही. पुष्कळदा ती डेकोरेटरची जाहिरातच असते.

फोनलाही वळण लावता येतं. नको ती रील आली की तीन टिंबांवर दाबून 'रस नाही' निवडा. यूट्यूबवरची पाहिल्याची नोंद पुसून टाका. आणि मुद्दाम ओव्या शोधा. 'परी', म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडियाच्या संकेतस्थळावर जात्यावरच्या ओव्यांचा प्रकल्प आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटवां यांच्या कामातून त्यासाठी गावोगावच्या बायांच्या एक लाखाहून जास्त ओव्या गोळा झाल्या. त्यातल्या काही मुलीला ऐकवा. मग आजीच्या ओव्या फोनवर भरून घ्या. हळदीच्या दिवसाची वाट बघू नका. त्या दिवशी डीजेपुढे काही ऐकू येणार नाही.